कै. लक्ष्मीबाई टिळक : श्रद्धा आणि माणुसकी

आपल्या मंडळाच्या वर्धापनदिनी कोणा थोर स्त्रीचे स्मरण करावे, अशी पद्धत सर्वत्र आहे. जिजाबाई, अहिल्याबाई, सावित्रीबाई ही नावे आपल्या ओठांवर असतातच आणि ती तशी असावीत हेही योग्यच. यंदा मात्र एका वेगळ्या वाटेने गेलेल्या स्त्रीची ओळख करून द्यावी असे वाटते. तिने राज्य केले नाही, शाळा काढली नाही, सभा गाजविल्या नाहीत. तिने संसार केला. तोही असा संसार की, त्यात पुढच्या घटकेस काय होईल याची शाश्वती नाही. आणि उतारवयात त्या संसाराची गोष्ट अशी काही लिहिली की, मराठी भाषेत आत्मचरित्र म्हटले म्हणजे आजही प्रथम तिचेच पुस्तक आठवते. ते पुस्तक ‘स्मृतिचित्रे’ आणि ती स्त्री लक्ष्मीबाई टिळक.

लक्ष्मीबाई ख्रिस्ती होत्या. परंतु त्यांचे पुस्तक एखाद्या धर्माचा प्रचार म्हणून कोणी वाचत नाही. दया म्हणजे काय, श्रद्धा कशी येते आणि जगण्याला अर्थ कोठून मिळतो, हे प्रश्न सर्व घरांतून सारखेच असतात. त्या प्रश्नांची उत्तरे लक्ष्मीबाईंनी ग्रंथांत शोधली नाहीत. चुलीपाशी, आजाऱ्याच्या अंथरुणापाशी आणि पोरक्या मुलांच्या घोळक्यात त्यांना ती सापडली. म्हणून त्यांचे चरित्र आपणा सर्वांचे आहे.

लक्ष्मीबाईंचा जन्म १८६८ साली नाशिकजवळच्या जलालपूर या गावी गोखले घराण्यात झाला. माहेरचे नाव मनकर्णिका. घरात सगळी मनू म्हणत. या घरावर एका भयंकर घटनेची सावली पडलेली होती. १८५७ च्या धामधुमीत मनूच्या आईच्या वडिलांना इंग्रज सरकारने फाशी दिले. त्या प्रसंगाचा धक्का मनूच्या वडिलांच्या मनाला असा काही बसला की, सोवळ्याओवळ्याचे त्यांना वेडच जडले. कोणाचा स्पर्श झाला, कशाला विटाळ झाला, याच विवंचनेत त्यांचा दिवस जाई. बाजारातून आलेली वस्तू धुतल्यावाचून घरात यावयाची नाही. या धुण्यापुसण्यात घरच्या बायकामुलांचे किती हाल झाले असतील याची कल्पना आपण बायकाच करू शकू. पाणी आणणार बायका, धुणार बायका आणि चुकले तर बोलणी खाणारही बायकाच. पुढे मनूला नाशिकच्या खांबेटे या नातलगांनी आपल्या घरी नेऊन वाढविले.

वयाच्या अकराव्या वर्षी, १८८० साली, मनूचे लग्न झाले आणि तिची लक्ष्मी झाली. वर नारायण वामन टिळक. त्यांचा जन्म १८६१ साली रत्नागिरी जिल्ह्यातील करजगावचा. आईच्या मृत्यूनंतर त्यांनी लहानपणीच घर सोडले होते आणि नाशिकला गणेशशास्त्री लेले यांच्यापाशी संस्कृताचे अध्ययन केले होते. बुद्धी तल्लख, वाणी रसाळ, कविता जन्मजात. परंतु स्वभाव असा की, एका जागी पाय ठरावयाचा नाही. आज शिक्षक, उद्या कीर्तनकार, परवा संपादक. मनात आले की घरातून निघून जावे आणि महिने महिने पत्ता लागू देऊ नये. हाती पैसा आला तर तो घरापर्यंत पोचेलच असे नाही. वाटेत कोणी गरजू भेटला की त्याला देऊन मोकळे. नवरा उदार असला म्हणजे जगाला बरे वाटते, पण त्या उदारपणाचा हिशेब चुलीपाशी बसलेल्या बाईला द्यावा लागतो. हा हिशेब लक्ष्मीबाईंनी वर्षानुवर्षे दिला. त्यातच पहिली अपत्ये लहानपणीच गेली. पुढे मुलगा झाला, तो दत्तू. हेच पुढे देवदत्त नारायण टिळक म्हणून प्रसिद्धीस आले.

एवढे असूनही या जोडप्यात प्रेम नव्हते असे कोणी समजू नये. दोघांची भांडणे कडाक्याची आणि समेटही तितकाच मनापासूनचा. लक्ष्मीबाईंना शाळा अशी मिळालीच नव्हती. अक्षरओळख झाली ती टिळकांमुळे. पुढे त्याही कविता करू लागल्या. संसारातला हा आधार त्यांना अखेरपर्यंत पुरला.

टिळक नागपूरला असता तेथील श्रीमंत आप्पासाहेब बुटी यांच्या आश्रयाने धर्मग्रंथांच्या कामात गुंतले होते. शास्त्रे वाचावीत तसतशी त्यांच्या मनाची तळमळ वाढत चालली होती. माणसामाणसांत भेद करणारा धर्म खरा कसा म्हणावा, हा प्रश्न त्यांना झोपू देईना. सर्वांना एका छायेखाली घेणारा नवा धर्म आपणच काढावा असेही त्यांच्या मनात घोळत होते. अशा मनःस्थितीत १८९३ साली नागपूरहून राजनांदगावास जात असता आगगाडीत एका युरोपियन गृहस्थाची गाठ पडली. बोलणे कवितेवरून धर्मावर आले आणि निरोप घेताना त्या गृहस्थाने त्यांना नव्या कराराची एक प्रत दिली. टिळकांनी ती वाचावयास घेतली. डोंगरावरच्या प्रवचनाशी येऊन पोचले तेव्हा त्यांचे मन तेथेच थांबले. शत्रूवरही प्रेम करावे, दीनांना धन्य म्हणावे, ही शिकवण त्यांच्या अंतःकरणात रुजली. दोन वर्षे विचार करून १० फेब्रुवारी १८९५ रोजी मुंबईस त्यांनी बाप्तिस्मा घेतला.

ही बातमी लक्ष्मीबाईंना कळली तेव्हा त्या माहेरच्या माणसांत होत्या. त्या काळी याचा अर्थ काय होता तो आज समजणे कठीण आहे. नवरा जिवंत, म्हणून ती विधवा नव्हे. नवरा जातीबाहेर, म्हणून ती सवाशीण असून नसल्यासारखी. पदरात तीनचार वर्षांचा मुलगा. लोकांची बोटे तिच्याकडे. रडून रडून आणि विचार करून करून त्यांची प्रकृती ढासळली. वेड लागते की काय अशी घरच्यांना भीती वाटू लागली. बहीण भिकूताई आणि मेहुणे पेंडसे यांनी त्या दिवसांत त्यांना सांभाळले. काही काळ त्या पंढरपुरास राहिल्या. तेथे चंद्रभागा होती, विठोबाचे देऊळ होते आणि पोटात न मावणारे दुःख होते. ते दुःख कवितांतून बाहेर पडू लागले.

भगिनींनो, या चरित्रातला खरा मोलाचा भाग येथून पुढे आहे. चारपाच वर्षांच्या ताटातुटीनंतर लक्ष्मीबाई टिळकांकडे गेल्या. परंतु गेल्या त्या हिंदू म्हणूनच. पतीच्या धर्मात पाऊल टाकावे असे त्यांच्या मनात नव्हते. टिळक नगरला अमेरिकन मिशनच्या कामात होते. लक्ष्मीबाईंचे पाणी वेगळे, चूल वेगळी, सोवळे वेगळे. आणि टिळकांनीही त्या बाबतीत सक्ती केली नाही. उलट पत्नीला तिच्या आचाराप्रमाणे राहता यावे म्हणून सोय करून दिली. ज्या काळात नवऱ्याचा शब्द हाच बायकोचा धर्म मानला जाई, त्या काळात एका नवऱ्याने बायकोच्या श्रद्धेचा असा मान ठेवावा, ही लहान गोष्ट नव्हे.

पुढे मुक्काम राहुरीस असता लक्ष्मीबाईंच्या मनात जातिभेदाविषयी विचार सुरू झाला. कोणी व्याख्यान दिले नाही, कोणी वादात हरविले नाही. त्यांनी आपल्याशीच विचार केला. पशुपक्ष्यांच्या जाती देवाने केल्या त्या डोळ्यांना दिसतात. माणसात तशी जात दिसते ती स्त्री आणि पुरुष एवढीच. मग बाकीच्या जाती देवाने केल्या कशावरून? आणि देवाने केल्या नसतील तर त्या पाळावयाच्या कशासाठी? असा सरळ, घरगुती विचार. तो पटला तशी त्यांनी पाण्याची आणि अन्नाची शिवाशीव टाकून दिली. ज्या बापाच्या घरी वस्तू धुता धुता बायकांच्या हातांची सालटी जात, त्या बापाच्या लेकीने आपल्या मनावरचा विटाळ असा एका विचारात धुऊन टाकला. त्यानंतर ख्रिस्तावरचा विश्वास त्यांच्या मनात आपोआप उमलत गेला आणि १९०० साली राहुरीस त्यांनी बाप्तिस्मा घेतला.

नवरा ख्रिस्ती झाला म्हणून बायकोही झाली, एवढेच ज्यांना ठाऊक असते त्यांनी हा क्रम ध्यानात घ्यावा. टिळकांना श्रद्धा पुस्तकातून मिळाली. लक्ष्मीबाईंना ती पाच वर्षांच्या विरहातून आणि स्वतःच्या विचारातून मिळाली. उसनी घेतली नाही. म्हणूनच ती टिकली.

याच सुमारास, १८९९-१९०० साली, मोठा दुष्काळ पडला. आपल्या बीड जिल्ह्याला त्या दुष्काळाची ओळख नव्याने करून द्यावयास नको. आपला मुलूख तेव्हा निजामाच्या राज्यात होता. १९०१ च्या शिरगणतीत जिल्ह्याची वस्ती दहा वर्षांपूर्वीपेक्षा बरीच घटलेली आढळली, यावरून काय ओढवले असेल ते उमगते. शेजारच्या नगर जिल्ह्यातही तोच प्रकार. घरे ओस पडली आणि मुले उघड्यावर आली. केडगावला पंडिता रमाबाईंनी दुष्काळात सापडलेल्या शेकडो मुलींना आपल्या मुक्तिसदनात आणले ते याच काळात. मिशनच्या शाळांतून आणि वसतिगृहांतून अनाथ मुलांची रीघ लागली. टिळकांच्या घरीही अशी मुले येत राहिली. टिळकांनी हाताला धरून आणावे आणि लक्ष्मीबाईंनी पदराखाली घ्यावे, हा नित्याचाच परिपाठ झाला. आपले कोणते आणि परके कोणते हे बाहेरून येणाऱ्याला ओळखू येऊ नये. घरात सुबत्ता होती म्हणून हे झाले, असेही नाही. मिशनचा पगार बेताचा आणि त्यातलाही पुष्कळसा टिळकांच्या दानधर्मात जावयाचा. आणलेल्या तांदळात आणखी एक तोंड कसे बसवावे, हा हिशेब पुन्हा लक्ष्मीबाईंचाच.

नंतर प्लेग आला. प्लेगच्या नावाने त्या काळी बाप लेकाला आणि भाऊ भावाला सोडून पळत असे. नगरच्या प्लेगच्या छावणीत लक्ष्मीबाईंनी आजाऱ्यांची शुश्रूषा केली. तापाने फणफणलेल्यांना पाणी पाजणे, कपडे बदलणे, रात्र रात्र उशाशी बसणे, ही कामे त्यांनी केली. कोणाची जात त्यांनी विचारली नाही. दया हा शब्द आपण फार सहज वापरतो. प्लेगच्या गाठीला हात लावण्याची तयारी असते तेव्हा त्या शब्दाला वजन येते.

नगरच्या त्या घरात एक मुलगा येऊन राहिला, त्याचा उल्लेख केल्यावाचून पुढे जाता येत नाही. तो त्र्यंबक बापूजी ठोमरे, म्हणजेच आपले बालकवी. १९०७ साली जळगावला कविसंमेलन भरले, तेथे या लहान वयाच्या कवीने सर्वांना थक्क केले. टिळकांनी त्याला आपल्या घरी आणले आणि लक्ष्मीबाईंनी त्याला पोटच्या मुलासारखे वागविले. तो हिंदू, हे ख्रिस्ती. पण त्यामुळे त्याच्या ताटात आणि मायेत काही फरक पडला नाही. निसर्गाचे जे लेणे बालकवींनी मराठीला दिले त्याच्यामागे या माउलीच्या हातची भाकरी आहे. १९१८ साली भादलीजवळ आगगाडीखाली सापडून बालकवींचा अंत झाला, तेव्हा या घरात पुत्रशोकच झाला असला पाहिजे.

टिळकांचे काव्यकार्य या काळात बहरास आले होते. त्यांची ख्रिस्ती भजने आणि अभंग गावोगावच्या देवळांतून गाइले जात. ज्ञानोबा-तुकोबांची वाणी त्यांनी सोडली नाही. ख्रिस्ताची भक्ती टाळमृदंगाच्या साथीने आणि अभंगाच्या चालीने करता येते, हे त्यांनी दाखवून दिले. येथे आपल्या अंबाजोगाईची आठवण होते. मुकुंदराज आणि दासोपंत यांच्या या भूमीत ओवी आणि पद हे देवाकडे जाण्याचे जुने रस्ते आहेत. त्याच रस्त्याने ख्रिस्ताच्या कथेनेही मराठीत प्रवेश केला. १६१६ साली फादर स्टीफन्सने गोव्यात ‘ख्रिस्तपुराण’ छापले तेही ओव्यांतच. १८५७ साली बाबा पदमनजींनी ‘यमुनापर्यटन’ लिहिले, तेव्हा त्यातले कारुण्य विधवांच्या दुःखाचे होते. या परंपरेत टिळकांनी ख्रिस्ताचे काव्यमय चरित्र लिहावयास घेतले आणि रामायणाच्या धर्तीवर त्याला ‘ख्रिस्तायन’ हे नाव दिले.

ते पुरे करणे मात्र त्यांच्या नशिबी नव्हते. १९१७ साली टिळकांनी मिशनची नोकरी सोडली, संन्यस्त वृत्तीने साताऱ्यास राहिले आणि ‘देवाचा दरबार’ स्थापिला. बाप्तिस्मा घेतलेले व न घेतलेले, सर्वांनी त्यात भाऊबहीण म्हणून यावे, अशी त्यांची कल्पना होती. पगार बंद झाला, पण पतीच्या या नव्या व्रतातही लक्ष्मीबाई त्यांच्यापाठी उभ्या राहिल्या. पुढे दोन वर्षांतच, ९ मे १९१९ रोजी, मुंबईस टिळकांचा देहान्त झाला.

पन्नाशीत आलेली बाई, हाताशी फारसे काही नाही, आणि ज्याच्याभोवती सारे आयुष्य फिरले तो माणूस गेलेला. कोणी म्हणेल, येथे चरित्र संपले. लक्ष्मीबाईंचे येथून नव्याने सुरू झाले. पतीने हाती घेतलेले ‘ख्रिस्तायन’ त्यांनी पुढे चालविले. टिळकांचे थोडेच अध्याय लिहून झाले होते. लक्ष्मीबाईंनी त्यात ६४ अध्यायांची भर घातली. जिला लहानपणी कोणी पाटी हाती दिली नाही, त्या बाईने एवढे मोठे काव्य रचावे, याचे नवल करावे तितके थोडे. त्या कीर्तनालाही उभ्या राहत. मुलाच्या नोकरीनिमित्त काही वर्षे कराचीस काढली. पुढे नाशिकला परत आल्या.

आणि मग ‘स्मृतिचित्रे’. देवदत्तांच्या मनात वडिलांचे चरित्र लिहावयाचे होते. त्यासाठी आईने आपल्या आठवणी लिहून काढाव्यात, असा त्यांनी आग्रह धरला. आई सांगू लागली आणि टिळकांच्या चरित्राची टिपणे म्हणून सुरू झालेले लेखन आईचेच पुस्तक होऊन बसले. त्याचा पहिला भाग १९३४ साली प्रसिद्ध झाला. भाग निघत गेले तसतसे लोक ते वाचून हसले आणि रडले. शेवटचा भाग पुरा होण्यापूर्वीच २४ फेब्रुवारी १९३६ रोजी लक्ष्मीबाईंनी देह ठेवला.

या पुस्तकात असे काय आहे? पहिली गोष्ट म्हणजे भाषा. ती घरात बोलतो तशी आहे. दळताकांडताना एक बाई दुसरीला आपली कथा सांगते तसे ते वाचताना वाटते. दुसरी गोष्ट म्हणजे सत्य. पती थोर होता म्हणून त्याचे विक्षिप्त वागणे त्यांनी झाकले नाही आणि ते विक्षिप्त होते म्हणून त्यांचे थोरपण कमी लेखले नाही. स्वतःच्या फजित्या तर त्या सर्वांत आधी सांगतात. तिसरी गोष्ट म्हणजे विनोद. एवढे दुःख भोगलेल्या बाईच्या पुस्तकात पानोपानी हसू फुटते. हे हसू कोणाला बोचत नाही. ज्याने जगाला क्षमा केली आहे त्याचेच हसू असे असते. श्रद्धेचा अर्थ लांब चेहरा नव्हे, हे या पुस्तकाइतके चांगले कोणी सांगितलेले नाही.

‘स्मृतिचित्रे’चे इंग्रजीत भाषांतर १९५० साली जोसेफिन इंकस्टर यांनी केले आणि २०१७ साली शांता गोखले यांनी पुन्हा नव्याने केले. विजया मेहता यांनी त्यावर चित्रपट केला. त्यांचे कवितांचे पुस्तक ‘भरली घागर’ या नावाने निघाले. उन्हाळ्यात हंडाभर पाण्यासाठी टँकरची वाट पाहणाऱ्या आपल्या जिल्ह्यातील बायकांना या नावाचा अर्थ वेगळा समजावून सांगण्याची गरज नाही. पाण्याच्या घागरीवरूनच जातिभेदाची निम्मी भांडणे या देशात झाली. ती घागर सर्वांसाठी खाली करणाऱ्या बाईचे हे नाव आहे.

लक्ष्मीबाईंच्या धर्मांतराविषयी कोणाचे मत काही असो. त्यांच्या स्वतःच्या माणसांनाही ते पटले नव्हते आणि पटले नाही तरी त्यांनी नाते तोडले नाही, ही गोष्टही या पुस्तकातूनच कळते. धर्म वेगळा झाला म्हणून बहीण बहिणीला परकी झाली नाही. आजच्या दिवसांत एवढे शिकलो तरी पुष्कळ झाले.

आपल्या मंडळापुरते दोन शब्द लिहून हा लेख संपविते. आपल्या जिल्ह्यातून दरवर्षी दिवाळीच्या आगेमागे हजारो कुटुंबे ऊसतोडीला जातात. काही मुले बरोबर जातात, काही आजीआजोबांपाशी मागे राहतात. त्यांना दुष्काळातली पोरकी मुले म्हणता यावयाचे नाही. त्यांचे आईबाप घाम गाळून त्यांच्यासाठीच कमावत असतात. तरी पाचसहा महिने त्या मुलांच्या अभ्यासाची, तापाखोकल्याची चौकशी करणारे कोणी शेजारी असावे लागते. आपल्यापैकी प्रत्येकीने आपल्या गल्लीतील एका मुलाकडे लक्ष दिले, तर त्यासाठी ना निधी लागेल, ना ठराव. लक्ष्मीबाईंपाशी तरी दुसरे काय होते? एक चूल होती आणि आणखी एक पान मांडण्याची तयारी होती.

आणि मंडळातल्या ज्या भगिनी उतारवयात अक्षरे गिरवीत आहेत, त्यांनी तर हे पुस्तक अवश्य वाचावे, नाहीतर कोणाकडून वाचून घ्यावे. आपण काय लिहिणार आणि आपली गोष्ट कोण ऐकणार, असे कोणालाही वाटू देऊ नये. जलालपूरच्या मनूला शाळा मिळाली नव्हती. तिची गोष्ट मात्र अवघ्या महाराष्ट्राने ऐकली.